लाडलेसाबची तीन माणसं

आमच्या गावात नवा शब्द आला की तो पहिल्यांदा लाडलेसाबच्या ओट्यावर अडकायचा.

लाडलेसाब पंचायतीचे दवंडीवाले. गाव मुरूमच्या अलीकडचं. नाव सांगत नाही. आयुष्यभर पत्रकं लिहून लोकांची नावं चव्हाट्यावर मांडली, एक गाव झाकून ठेवलं तर बिघडत नाही. लाडलेसाबच्या गळ्यात डफ, डोक्याला विटका हिरवा फेटा, आणि आवाज असा की खालच्या वेशीत तोंड उघडलं की वरच्या वेशीतली कुत्री भुंकायला लागायची. मराठी वाचता येत नव्हतं. मजकूर एकदा वाचून दाखवायचा, ओठ हलवत ते तो गिळून टाकायचे, आणि मग सहा चौकांत एक अक्षर इकडचं तिकडं व्हायचं नाही.

पण त्यात अनोळखी शब्द सापडला की डफ खाली.

"हे कोण?"

'हे काय' असं नाही. 'हे कोण?' आणि त्याच्या पाठोपाठ ठरलेलं वाक्य: "गावातले तीन आदमी दाखवा. मग वरडतो."

निवडणुकीच्या वेळी 'सर्व प्रौढ स्त्री-पुरुषांनी' असा मजकूर आला. प्रौढ कोण? ग्रामसेवकानं तीन माणसं सांगितली: गुरव, पिठाच्या गिरणीचा रामलिंग आणि खुद्द लाडलेसाबची बायको रसूलबी. लाडलेसाब खूश होऊन घरी गेले आणि दारातूनच ओरडले, "अगं, तू प्रौढ हैस! सरकारात नाव हाय!" रसूलबी चाची दोन दिवस त्यांच्याशी बोलल्या नाहीत.

'श्रमदानी पुढारी' या शब्दाचे तर हालच झाले. ग्रामसेवक सकाळभर तीन पुढारी शोधत हिंडला. रस्त्याच्या कामावर एकच सापडला, तोही हरवलेली म्हैस बघायला आलेला. तो शब्द आमच्या गावात आजपर्यंत ओरडला गेलेला नाही. मी साफ सांगतो, योग्यच झालं.

त्यांच्या आणखी दोन खोडी होत्या. पंचायतीच्या यादीत दवंडीची ठिकाणं सहा. लाडलेसाब सातव्या ठिकाणी जायचे, गावाबाहेर, मोटार स्टँडवर. तिथं चहावाला आणि पिंपळ सोडला तर ऐकायला कुणी नसायचं. आणि प्रत्येक दवंडीच्या शेवटी पदरचं एक शेपूट जोडायचे: "कोण ऱ्हायलं असंल तर त्यानंबी ऐका होऽऽ!" पाण्याच्या पाळीची दवंडी असो की देवीच्या लसीची, शेपूट तेच. गावातली टवाळ मंडळी म्हणायची, "चाचांची सातवी दवंडी च्याची." मीही म्हणायचो.

आता मुख्य प्रकरण.

भाषावार प्रांतांचा वाद पेटला होता. मराठी माणसाचं एक राज्य झालं पाहिजे म्हणून आम्ही समिती काढली होती आणि तिची पत्रकं मी लिहीत होतो. वय बावीस. माझं प्रत्येक वाक्य उद्गारचिन्हानं संपायचं. सत्तेतली मंडळी व्यासपीठावरून आम्हाला देश फोडणारे म्हणायची. त्याचा जळजळीत निषेध म्हणून मी 'खरा राष्ट्रवादी कोण?' असं पत्रक काढलं आणि गुरुवारच्या बाजारी सभा ठेवली. त्याच गुरुवारी, बाजारतळाच्या दुसऱ्या टोकाला, त्यांचीही सभा ठरली. तीही राष्ट्रवादी जनतेचीच! मी तडक लाडलेसाबचा ओटा गाठला.

"तमाम राष्ट्रवादी जनतेनं बाजारतळावर हजर राहावं," मी वाचलं.

"तमाम, हजर, हे आमचेच लफ्ज हैत. जनता बी आता वळखीची झाली." डफ खाली गेला. "राष्ट्रवादी कोण?"

"चाचा, जो देशावर प्रेम करतो तो!"

"चांगलं हाय. तीन आदमी दाखवा."

मी म्हटलं, हा काय प्रश्न झाला? पहिलं नाव ठोकलं, मल्लिनाथ शेट. कापडाचं दुकान, आमच्या सभेचे अध्यक्ष.

"शेट?" लाडलेसाबनी फेटा मागं सारला. "निजामाच्या टायमाला सुभ्याचा सायेब आला, शेटनं हार घातला. दवंडी म्याच दिली. मंग मिल्ट्री आली, शेटनं मिल्ट्रीला हार घातला. दवंडी म्याच दिली. गुरुवारी तुमच्या सभेत घालतील. मानूस हाराचा हाय. देशाचा हाय का, ते मला हितनं दिसत न्हाय."

"बरं, हेडमास्तर!"

"हेडमास्तर परवा पारावर म्हणत हुते, तुमी लोक देश फोडायला निघालाव. त्यास्नी धरलं तर तुमी सुटता. तुमास्नी धरलं तर ते सुटतात. कोन धरू?"

मी गोंधळलो. पत्रकात याचं उत्तर नव्हतं. पत्रकात फक्त प्रश्न होता.

"मग मी! मी स्वतः राष्ट्रवादी आहे, लिहून घ्या!"

"आपलं वजन आपणच करायचं न्हाय," लाडलेसाब शांतपणे म्हणाले. मग म्हणाले, "पत्रकवाले, तुमी लहान हुता. मागल्या सरकारात म्या वरडलो हुतो, कौमपरस्तांना कुणी आसरा देऊ नका. तवा बी कोन ते मला ठावं नव्हतं. पुढं मास्तर म्हनले, कौमपरस्त म्हंजे राष्ट्रवादीच. तवा त्यांना पकडायचं हुतं, आता सभेला बलवायचं हाय. ते आदमी तेच हैत का दुसरे?"

काही तेच होते. काही तुरुंगातून मंत्रिमंडळात गेले होते, काही तुरुंगातून घरी. आणि आता बरेच असे होते, जे त्या वेळी कुठंच नव्हते. हे सगळं एका दवंडीत कसं सांगायचं?

तेवढ्यात सत्तेतल्या पक्षाचे आप्पासाहेब आले. मागं चार खादीवाले. त्यांच्याही कागदावर तोच शब्द. लाडलेसाबनी त्यांनाही तीन माणसं मागितली. आप्पासाहेब हसले. "चाचा, लांब कशाला जाता? पहिलं नाव तुमचंच. तुम्ही राष्ट्रवादी मुसलमान!"

लाडलेसाबचा चेहरा फुलला. मग ओठ हलवत तो शब्द त्यांनी गिळून बघितला आणि तो कुठंतरी अडकला.

"आन मल्लिनाथ शेट? ते राष्ट्रवादी लिंगायत?"

"नाही हो, ते नुसते लिंगायत."

"तुमी? राष्ट्रवादी मराठा?"

खादीवाले खो खो हसले.

"म्हंजे तुमी आईच्या पोटातनंच, आन आमाला तेवढं शेपूट लावावं लागतं. असं व्हय?"

हसणं थांबलं. आप्पासाहेब घड्याळाकडं बघायला लागले. मीही खाली बघितलं, कारण आमच्या पत्रकातही तळाला एक ओळ होती: 'सभेस एक राष्ट्रवादी मुस्लिम बंधूही बोलतील!' उद्गारचिन्ह माझंच होतं.

दवंडी झाली नाही, ना त्यांची ना आमची. आमच्या सभेला अकरा माणसं आली, त्यातली दोन शेंगा विकायला. त्यांच्या सभेला नऊ. त्या नऊ जणांपुढं आप्पासाहेबांनी माझं नाव घेऊन मला 'अराष्ट्रीय' म्हटलं. मी इकडच्या टोकाला भाषण करत होतो, पण लाउडस्पीकर त्यांचा मोठा होता. सगळं ऐकू आलं.

मी पेटलो. राग आप्पासाहेबांचा आणि हात पोचत होता लाडलेसाबपर्यंत. त्याच संध्याकाळी मी पंचायतीला अर्ज लिहिला: 'सदर इसम अराष्ट्रीय वृत्तीचा असून राष्ट्रवादी हा शब्द उच्चारण्यास नकार देतो. त्यास कामावरून दूर करावे!' दहा मिनिटं लागली. पत्रक लिहायला मला याहून जास्त वेळ लागतो.

आमच्या पंचायतीत एक जुनी रीत आहे. गावचं काम करणाऱ्या कुणाबद्दल तक्रार आली, तर ती आधी गावात ओरडायची. ज्याला त्याच्या बाजूनं किंवा विरुद्ध बोलायचं असेल, त्यानं आठ दिवसांत चावडीवर यायचं. कुणाला गुपचूप काढता येऊ नये म्हणून केलेली ही चांगली रीत. फक्त एक गोष्ट ना माझ्या ध्यानात आली, ना पंचायतीच्या. ती दवंडी द्यायची कुणी?

तिसऱ्या दिवशी सकाळी लाडलेसाब माझ्या दारात उभे. गळ्यात डफ, हातात कागद.

"ग्रामसेवक लातूरला गेलाय. वाचून दाखवा, पत्रकवाले."

मी वाचलं. "लाडलेसाब वल्द हुसेनसाब, दवंडीवाला, अराष्ट्रीय वृत्तीचा असल्याची तक्रार आली आहे. कोणास काही सांगावयाचे असल्यास आठ दिवसांत चावडीवर हजर व्हावे." खाली अर्जदार म्हणून माझं नाव होतं. तेही वाचलं.

त्यांचे ओठ हलत होते. पाठ करत होते. रागाची एक रेघ तोंडावर नाही. मग डफ खाली ठेवला.

"अराष्ट्रीय कोण? तीन आदमी दाखवा."

"चाचा, मी रागात लिहून गेलो. मी हे परत घेतो."

"कागद पंचायतीचा झाला, आता तुमचा न्हाय. दवंडी द्यायची हाय. एक तर म्याच, हितं लिवलंय. दोन सांगा."

लाडलेसाब पायरीवर बसले. डफाची कडी बोटानं फिरवू लागले.

"दुसरा महेबूब धरा."

महेबूब त्यांचा मुलगा. तो कुठंतरी निघून गेला, एवढंच गावाला माहीत होतं. मलाही तेवढंच.

"मिल्ट्री आली त्या साली असाच कागद आला," ते म्हणाले. "देशाच्या दुष्मनांनी चावडीवर हजर व्हावं. म्या ईचारलं न्हाय कोण म्हणून. सहा जागी वरडलो. घरी आलो तर महेबूब जेवत हुता. रजाकारांनी ठाण्यावर नेऊन त्येला चार म्हैने घोड्यांला पानी पाजायला लावलं हुतं, दुसरं कायबी न्हाय. त्येनं मलाच ईचारलं, अब्बा, ह्यात मी हाय का? म्या म्हनलं, सरकारी दवंडी हाय, आपणच दिली, आपणच पाळली पायजे. चल, ईचारून येऊ." कडी फिरायची थांबली. "म्याच हात धरून नेला. मला माघारी लावलं, त्येला ठिवून घेतलं."

"मग?"

"दीड वर्सानं सोडलं. मोटारीतनं हितं स्टँडवर उतरला. च्यावाल्यानं बघितलं. गावाकडं तोंड करून उभा ऱ्हायला म्हनं, अन् सोलापूरची मोटार आली तशी तिच्यात बसून गेला. गावात आलाच न्हाय." त्यांनी माझ्याकडं बघितलं. "त्या दिशी म्या तीन नावं मागितली असती, तर महेबूबचं नाव कुणी घेतलं असतं का वो?"

हातातल्या कागदावरचं माझं नाव मी पुन्हा एकदा वाचलं.

"तिसरं सांगा," लाडलेसाब उठले. "उनं चढायलीत."

"माझं धरा."

"आपलं वजन आपणच करायचं न्हाय."

"मी कुठं करतोय, चाचा? आप्पासाहेबांनी भर सभेत केलंय. नऊ माणसं साक्षीला आहेत."

लाडलेसाब असे हसले की आमच्या आळीतली कुत्री भुंकायला लागली. "हौ," ते म्हणाले, "झाले तीन."

कागद मी धरला आणि त्यांच्याबरोबर निघालो. सहा चौकांत त्यांनी स्वतःची दवंडी दिली. शब्द न् शब्द जसाच्या तसा, अर्जदाराच्या नावासकट. गुरवानं दारातून विचारलं, "चाचा, अराष्ट्रीय कोण म्हनायचं?" लाडलेसाबनी आधी स्वतःच्या छातीवर बोट ठेवलं, मग माझ्या. तिसऱ्यासाठी बोट उचललं आणि तसंच खाली घेतलं. गिरणीवाला रामलिंग पट्टा बंद करून बाहेर आला आणि माझ्याकडं बघून थुंकला. बरोबरच होतं त्याचं.

(आठ दिवसांत चावडीवर विरुद्ध बोलायला कुणी आलं नाही. बाजूनं एक जण आला, तक्रार करणारा. पंचायतीनं त्याचीच हजेरी घेतली आणि अर्ज निकालात काढला. पुढं आमचं राज्य झालं, त्याची दवंडीही लाडलेसाबनीच दिली. मजकूर मी लिहिला होता. 'राष्ट्रवादी' हा शब्द त्यात घातला नाही. तीन माणसं अजून जमली नव्हती.)

सहावा चौक झाला. मी घराकडं वळणार होतो, पण लाडलेसाब स्टँडकडं चालू लागले, म्हणून मीही गेलो. पिंपळाखाली चहावाला पेले विसळत होता. डफ वाजला. दवंडी झाली. आणि मग ते गावाकडं पाठ करून रस्त्याकडं वळले.

"कोण ऱ्हायलं असंल तर त्यानंबी ऐका होऽऽ!"

सोलापूरची मोटार धुरळा उडवत आली. तिघं उतरले. एक बाई आणि दोन गडी. लाडलेसाबनी तिघांचीही तोंडं नीट बघून घेतली, मग डफ खांद्याला लावला.