धोंडीराम टेकडीवर पोचला

युद्धपटातल्या माणसांना कापायच्या आधी विचारावं लागतं, हे आम्हा एडिटर लोकांत सगळ्यांना माहीत आहे. विचारत मात्र कुणी नाही. मी विचारते, म्हणून सैनिक माझंच नाव सांगतात आणि उभ्या जन्मात मला युद्धाच्याच डॉक्युमेंटऱ्या मिळाल्या. लग्नाची एक कॅसेटसुद्धा नाही.

मागण्या साध्या असतात. कुणाला दाढी वाढलेला शॉट नको असतो, कुणाला जेवताना दिसायचं नसतं. धोंडीराम शेलारचं प्रकरण वेगळं होतं. हा साताऱ्याकडचा जवान. इटलीतल्या एका टेकडीवर धावत सुटतो आणि निम्म्यावर गोळी लागून पडतो. इतका झकास पडतो की दुसऱ्या महायुद्धावरच्या प्रत्येक फिल्ममध्ये त्याला घेतात.

"बाई, आता पडवत न्हाई," मॉनिटरच्या काचेपाशी येऊन तो म्हणाला. "गुडघं गेलं. एकदा वर पोचवा की."

मी लगेच हो म्हटलं. पण निर्माते बोंद्रे ऐकेनात. "अहो, तो पडला नाही तर फिल्मला जीव कसा येणार?"

"जीव माझा जातोय न्हवं," धोंडीराम आतून म्हणाला.

बोंद्रे ओशाळले. "बरं. पहिल्या शोला पोचला तर राहू दे. नाही पोचला तर पुन्हा पडायचं, कायमचं." धोंडीरामला ते मान्य झालं.

तो वर पोचल्याचा शॉट कुठेच नव्हता. मग मी गोळीच्या आधी कापलं आणि पुढे रिकाम्या माथ्याचा शॉट जोडला. माणूस पोचला असं बघणारे समजतात, ही आमची जुनी युक्ती. पण त्यांनी समजून धोंडीरामला काय उपयोग? तो काही दिसेना. पुन्हा जोडलं, पुन्हा माथा रिकामाच. शेवटी जोडावर कान दिला तर आतून धापा ऐकू आल्या.

"बाई, जरा दम धरा की! चढ बघा किती हाय!"

मी कपाळावर हात मारला. रिकामा शॉट लांबवायचा नाही, हे आम्हाला पहिल्याच दिवशी शिकवतात. मी आपली शिस्तीत कापतेय आणि तो बिचारा निम्म्या चढावर! मग तो शॉट होता तेवढा सगळा न कापता ठेवला.

शोला थिएटर भरलं होतं. धोंडीराम धावला. मग रिकामा माथा आला. गवत हलत होतं, बाकी काही नाही. खुर्च्या करकरू लागल्या.

"बाई, कापायचं राहिलं का?" बोंद्रे कुजबुजले.

"गप बसा हो, माणूस चढतोय," मी म्हटलं.

कडेला हेल्मेट दिसलं. मग मिशा. धोंडीराम वर आला, बूट काढून गवतात ऐसपैस बसला आणि त्याने अशी आरोळी ठोकली की अख्खं थिएटर उभं राहिलं. बोंद्रे तर खुर्चीवर चढले. मी ढसाढसा रडले, सांगायला लाज कसली!

तेव्हापासून तो कुठल्याच फिल्ममध्ये पडत नाही. दुसऱ्या एडिटरांचे फोन येतात, शॉटमधला माणूस गायब आहे म्हणून. तो पोचला, असं मी सांगते.

आज सकाळी खोली उघडली तर काचेपाशी त्याच शॉटमधली मागची सगळी पलटण उभी. पुढच्याने सलाम ठोकला.

"बाई, वर जागा हाय का?"

"भरपूर आहे," मी म्हटलं. "सावकाश चढा, मी कापत नाही."