तपासले, छापण्यास हरकत नाही

मंडळातून आपल्याला काढायची कुणाची छाती नाही, असं मुद्रितशोधक सकाळी बायकोला सांगत होते आणि दुपारी पत्र आलं.

छत्तीस वर्षं त्यांनी छापखान्यात दुसऱ्यांच्या चुका काढल्या होत्या. निवृत्तीनंतर चुका मिळेनाशा झाल्या, म्हणून ते वाचक मंडळात गेले. दर बुधवारी संध्याकाळी दातांच्या डॉक्टरांच्या दवाखान्यावरच्या खोलीत पंधरावीस माणसं जमायची. कुणी स्वतः लिहिलेलं वाचायचं, बाकीचे ऐकायचे. मुद्रितशोधक ऐकत नसत, तपासत. कुणी 'मी त्याला बोललो' असं वाचलं की मागून यांचा आवाज यायचाच, "म्हणालो."

पत्र जेमतेम चार ओळींचं होतं. 'आपनास कळवीण्यात येते की, वारंवार केलेल्या शीस्तभंगामुळे कार्यकारीणीने आपले सभासदत्व रद्द केले आहे.' आणखी असंच काहीबाही, आणि खाली सचिव म्हणून दातांच्या डॉक्टरांची सही.

"मला काढलं," ते बायकोला म्हणाले. रागानं त्यांचा आवाज चिरकला होता. "आणि तेही नळातल्या 'न'नं. 'आपणास'मध्ये बाणातला 'ण' असतो, एवढंही यांना ठाऊक नाही."

"मग आता काय करणार?"

"हे असलं पत्र घरात ठेवू?"

लाल पेन घेऊन ते बसले. अकरा चुका निघाल्या. छत्तीस वर्षांच्या सवयीनं त्यांनी खाली लिहिलं, 'तपासले. छापण्यास हरकत नाही.' सही केली, तारीख घातली आणि पत्र उलट टपाली डॉक्टरांना धाडून दिलं. मग ते वकील भाच्याकडे गेले.

भाच्यानं मंडळाची घटना चाळली. "मामा, हे नववं कलम बघा. सभासदाला काढायचं तर पंधरा दिवस आधी लेखी नोटीस द्यायला हवी आणि त्याचं म्हणणं ऐकून घ्यायला हवं. तुमचं कुणी ऐकलं का?"

"दोन वर्षं फक्त माझंच ऐकावं लागतंय, अशी तर त्यांची कुरकुर आहे."

"हे कोर्टात बोलू नका."

सहा महिन्यांनी सुनावणी लागली. मंडळाच्या वकिलानं लाल रेघोट्यांनी भरलेला तो कागद अलगद न्यायाधीशांपुढे ठेवला. "साहेब, यांना कारवाई मान्य होती. यांनी ती सहीनिशी मंजूर करून पाठवली आहे."

भाच्यानं मामांकडे पाहिलं. या कागदाबद्दल मामांनी त्याला सांगितलंच नव्हतं.

न्यायाधीशांनी चष्मा लावून पत्र वाचलं. "अकरा चुका?"

"अकरा, साहेब. बारावीबद्दल दुमत आहे."

"आणि हरकत नाही असं तुम्हीच लिहिलंय?"

"दुरुस्तीनंतर शुद्धलेखनाला हरकत नव्हती, साहेब. मजकुराला होतीच."

भाच्यानं डोळे मिटून घेतले. पण न्यायाधीश म्हणाले की पत्रातल्या चुका सुधारल्या म्हणजे शिक्षा कबूल केली असं होत नाही. म्हणणं ऐकून न घेता केलेली हकालपट्टी रद्द. मंडळानं रीतसर नोटीस द्यावी, सभासदाचं ऐकावं आणि मग काय ते ठरवावं.

मुद्रितशोधकांना आकाश ठेंगणं झालं. नोटीस आली, तीही बिनचूक. मंडळातल्या सुनावणीला ते भाच्याला सोबत आणि अठरा पानी भाषण हातात घेऊन गेले. एक तास दहा मिनिटं ते अन्याय, अपमान आणि अनुस्वार यांवर बोलले. कुणीही मध्ये तोंड उघडलं नाही.

"झालं?" डॉक्टरांनी विचारलं. "आता तक्रार ऐका."

तक्रार डॉक्टरांचीच असणार, अशी मुद्रितशोधकांची खात्री होती. पण उठल्या त्या मागच्या रांगेतल्या सिस्टर. सरकारी दवाखान्यात जन्म घालवून निवृत्त झालेल्या.

"मी आयुष्यात एकच गोष्ट लिहिली," त्या म्हणाल्या. "ती वाचायला उभी राहिले, तर पहिल्याच वाक्यात तुम्ही मला तीनदा थांबवलंत. दुसरं वाक्य मी वाचलंच नाही. वही माळ्यावर टाकून दिली."

मुद्रितशोधकांना ते वाक्य आठवलं. तिन्ही चुका आठवल्या. वाचणारीचा चेहरा मात्र काही केल्या आठवेना.

कार्यकारिणीनं ठरवलं की सभासदत्व राहील, पण तीन महिने वाचन चालू असताना अवाक्षर काढायचं नाही.

मुद्रितशोधक पुन्हा भडकले. "तोंड शिवून बसू? त्यापेक्षा काढून टाका मला."

"मामा," भाचा कानाशी लागला, "आता तसं काढता येत नाही. पुन्हा पंधरा दिवसांची नोटीस लागेल. आपणच तसा निकाल आणलाय."

"मग मी राजीनामा देतो."

"राजीनामा देण्यासाठी मी सहा महिने तुमचा खटला लढवला नाही."

पुढच्या बुधवारी सिस्टरांनी वही उघडली. पहिल्या वाक्यात तीन चुका तशाच होत्या. मुद्रितशोधकांनी ओठ घट्ट मिटले आणि बोटांवर मोजायला सुरुवात केली. गोष्ट एका म्हाताऱ्या पेशंटची होती. शेजारच्या खाटेवरचा माणूस ऑपरेशनला गेला तो परत आलेला नाही. म्हातारा रोज विचारतो आणि नर्स रोज सांगते, ते घरी गेले. एक दिवस म्हातारा आपली पिशवी भरतो, चपला घालतो आणि नर्सला म्हणतो, "मलाही त्यांच्याच घरी सोडा."

मुद्रितशोधकांचं मोजणं नऊवरच अडकलं होतं. केव्हापासून, ते त्यांनाही सांगता आलं नसतं.

"पुढे काय झालं?" त्यांनी विचारलं.

सगळ्यांनी वळून पाहिलं. बंदीचा पहिलाच दिवस होता. बंदी मोडल्याची नोंद करायला डॉक्टरांनी पेन उचललं.

सिस्टरांनी वही मिटली. "पुढे काही नाही," त्या म्हणाल्या. "गोष्ट संपली."