साहेबांची सफाईवाली

पोलादाच्या कढईला दृष्ट लागते की नाही, यावरून त्रिफोनास आणि त्याची आई यांची सकाळपासून फोनवर जुंपली होती.

"आई, कढई आहे ती. हलुमी चीज उकडायची. तिला मोटर बसवलीय. तिला कुणाची दृष्ट लागणार?"

"मोटर बसवलीय म्हणूनच लागते," थेआनोबाई म्हणाल्या. "आणि आज मंगळवार. मंगळवारी कुणी गिऱ्हाईक बोलावतं का रे?"

"मी नाही ठरवला वार. त्यांनी ठरवला."

"बघ! आणि ती बघायला येणारी बाई निळ्या डोळ्यांची आहे म्हणे. निळ्या डोळ्यांची दृष्ट फार कडक. मी येते. ऑलिव्हच्या पाल्याची धुरी देते नि लगेच निघते."

"आई, तू येऊ नकोस. हात जोडतो."

"बरं बरं, नाही येत," असं म्हणून थेआनोबाईंनी फोन ठेवला, आणि शेजाऱ्याच्या टेम्पोत बसून त्या निघाल्यासुद्धा.

त्रिफोनासचीही बाजू होती म्हणा. आमच्या बेटावरच्या लार्नाका शहराच्या औद्योगिक वसाहतीत तो गेली कित्येक वर्षं दुसऱ्यांचे पंप आणि बॉयलर विकत होता. इटलीहून माल यायचा, हा त्यावर आपलं लेबल चिकटवायचा. स्वतःच्या डोक्यातून काढलेलं, स्वतःच्या शेडमध्ये घडवलेलं पहिलं यंत्र म्हणजे ही कढई. आपली आपण ढवळणारी, आपली आपण धुऊन निघणारी. आज ती बघायला हाजीलुकास डेअरीची माणसं येणार होती. आमच्या बेटावर प्रत्येक जण शेजाऱ्यानं काय घेतलं ते बघून खरेदी करतो. हाजीलुकासांनी कढई घेतली तर सगळ्या डेअऱ्या रांगेत उभ्या राहणार होत्या. आणि नको म्हटलं, तर ते 'नको' संध्याकाळच्या कॉफीच्या आत बेटभर पोचणार होतं.

त्यात बघायला येणार होती मिर्तो, म्हाताऱ्या हाजीलुकासांची मुलगी. जर्मनीत शिकून आलेली आणि स्वच्छतेच्या बाबतीत भलतीच कडक. तिच्यासाठी त्रिफोनासनं नवा शर्ट घेतला, भिंतीवरचं संतांचं कॅलेंडर कपाटात लपवलं आणि झाडू-बादल्या ठेवायच्या खोलीवर 'संशोधन विभाग' अशी पाटी लावली. कामगारांना लवकर जेवायला पिटाळलं. शेड असं चकाचक दिसत होतं की त्याला स्वतःलाच आत जाताना बूट काढावेसे वाटले.

तो फाटकाशी मिर्तोला घ्यायला गेला. इकडे मागच्या दारानं काळा झगा, काळा रुमाल, एका हातात कोलोकोती करंज्यांचा डबा आणि दुसऱ्या हातात पेटलेलं धुपाटणं अशा थेआनोबाई आत शिरल्या. ईस्टरआधीच्या उपासाचे दिवस, म्हणून कोलोकोतींत नुसता लाल भोपळा आणि बेदाणे होते. डबा त्यांनी टेबलावर ठेवला आणि कामाला लागल्या.

मिर्तोला घेऊन त्रिफोनास दारातून आत आला, तेव्हा कढईभोवती निळा धूर कोंदला होता, पाला तडतडत होता आणि थेआनोबाई शिडीवर चढून कढईत वाकल्या होत्या.

"थू! थू! थू!"

दृष्ट काढताना आमच्याकडे नुसता आवाज करतात, खरोखर कुणी थुंकत नाही. पण थेआनोबाईंची कवळी नवी होती.

मिर्तोचे निळे डोळे आधी कढईवर गेले, मग शिडीवर. "ह्या कोण?"

आता यावर उत्तर एकच होतं, आणि ते दोन अक्षरांचं होतं. पण त्रिफोनासला दिसला तो धूर, तो काळा रुमाल, ते गावठी धुपाटणं, आणि त्याच्या तोंडून निघून गेलं, "ह्या? ह्या... सफाईवाल्या आहेत आमच्या. खेड्यातल्या आहेत. जरा जुन्या वळणाच्या."

बोलला आणि त्याचे कान तापले. आपण काय बोललो हे त्याला ऐकू आलं, पण शब्द काही परत घेता येईना.

थेआनोबाई हळूहळू शिडी उतरल्या. लेकाकडे त्यांनी एकदाच पाहिलं. मग धुपाटणं खाली ठेवून त्या शांतपणे 'संशोधन विभागा'त गेल्या आणि झाडू घेऊन बाहेर आल्या.

"हं साहेब. कुठून सुरुवात करू, साहेब?"

"आत्ता नको... म्हणजे, राहू द्या," त्रिफोनास पुटपुटला.

"राहू कसं द्या, साहेब? त्याचसाठी तर ठेवलंय मला!"

त्रिफोनासनं घाईघाईनं बटण दाबलं. कढईचा हात फिरू लागला, आणि काय सुरेख फिरत होता! ना आवाज, ना धक्का. हा म्हणाला, "बघा, तळाला काही लागत नाही." मिर्तोनं मान डोलवली. पण तिचं लक्ष झाडूकडे होतं, कारण थेआनोबाई तिच्याच बुटांभोवती धूळ उडवत होत्या.

"बाई, दमला असाल. बसा ना," मिर्तो म्हणाली. "या वयात काम करता? किती वर्षं आहात यांच्याकडे?"

"बेचाळीस."

"बेचाळीस? कंपनी तर अलीकडची आहे."

"आधी घरी होते ना. साहेब तेव्हा लहान होते. फार रडायचे. रात्र रात्र खांद्यावर घेऊन फिरवायचे मी."

"अच्छा, म्हणजे यांच्या आईवडिलांकडे कामाला होता."

"वडिलांचं सगळं मीच करत होते. गेले बिचारे."

"मिर्तोबाई, ही झडप बघा," त्रिफोनास मध्ये पडला. "ही इटलीतसुद्धा—"

"एक मिनिट. बाई, सुट्टी कधी असते तुम्हाला?"

"सुट्टी?" थेआनोबाईंनी झाडूवर हनुवटी टेकली. "रविवारी तर दुप्पट काम असतं. साहेब सहकुटुंब जेवायला येतात. ताटसुद्धा उचलत नाहीत हो."

"आणि पगार?"

"पगार कसला? नाताळात एकदा चपला दिल्या होत्या. त्याही एक नंबर लहान."

"विमा?"

"तो काय असतो?"

यातलं एक अक्षर खोटं नव्हतं, हीच तर त्रिफोनासची पंचाईत. नव्या शर्टाची कॉलर त्याला काचू लागली. त्यानं आईकडे पाहून डोळ्यांनी विनवण्या केल्या. आई मन लावून त्याच्या बुटांवरून झाडू फिरवत होती.

मिर्तोनं पर्स खांद्याला लावली. "यंत्र चांगलं आहे," ती थंडपणे म्हणाली. "पण एका म्हाताऱ्या बाईला बेचाळीस वर्षं फुकट राबवणाऱ्या माणसाकडून आम्ही साधा स्क्रू घेणार नाही. कामगार कार्यालयातले मोठे साहेब माझे कुंबारोस, लग्नातले साक्षीदार आहेत. माझ्या लग्नात मुकुट त्यांनीच धरले होते. त्यांना आजच फोन करते. बाबा फाटकाशी कुणाशी तरी बोलत उभे राहिलेत, त्यांना सांगून येते की आत यायची गरज नाही."

ती तरातरा निघून गेली. शेडमध्ये दोघंच उरली.

"आई! सांग ना तिला!"

"काय सांगू, साहेब?"

"तू माझी आई आहेस म्हणून!"

"आता? आता ती विचारेल, मग आईला सफाईवाली का म्हटलं? त्याचं उत्तर काय देणार?"

त्रिफोनासकडे उत्तर होतं, पण ते तोंडातून काढण्यासारखं नव्हतं. मला तुझी लाज वाटली, हे आईला कसं सांगायचं? ते तिला कळलेलं होतं, हे तर आणखी वाईट. डोळ्यांत पाणी यायला लागलं तशी त्यानं मान वळवली. खाली राख सांडली होती. दुसरं काही सुचेना म्हणून त्यानं आईच्या हातातला झाडू घेतला आणि ओणवा होऊन ती राख लोटू लागला. थेआनोबाईंचे गुडघे दुखत होते, त्या खुर्चीत टेकल्या.

एवढ्यात काठी टेकत म्हातारे हाजीलुकास आत आले. मुलगी 'चला' म्हणाली की आत शिरायचं, ही त्यांची जुनी खोड होती. मागून मिर्तो "बाबा, नको म्हटलं ना!" करत येत होती.

म्हाताऱ्यानं नाकानं हवा ओढली. "ऑलिव्हच्या पाल्याची धुरी! वा! कुणी दिली?"

"मी दिली," थेआनोबाई म्हणाल्या.

"शाबास. आमचं पहिलं यंत्र धुरीवाचूनच बंद पडलं, पण आमच्या कन्येला पटत नाही. बरं, मालक कुठाय? आणि हा झाडू मारतोय तो कोण?"

त्रिफोनास ओणव्याचा ओणवा राहिला. आता आई काय म्हणणार ते त्याला पाठ होतं. सफाईवाला आहे, साहेब. नवीन ठेवलाय. जरा अर्धवट आहे. आणि ती तसं म्हणाली असती तर, खरं सांगतो, त्याला बरंच वाटलं असतं. फिटंफाट झाली असती.

"माझा मुलगा," थेआनोबाई म्हणाल्या. "मालक तोच. ही कढई त्यानं आपल्या डोक्यातून काढलीय. लहानपणापासूनच हुशार आहे."

"मुलगा?" मिर्तो ओरडली. "अहो, हे तर तुम्हाला—"

"सफाईवाली म्हणाला ना? मीच सांगितलं होतं तसं. म्हटलं, बाळा, मोठी माणसं यायचीत, धंद्याची जागा. मी अशी खेडवळ. माझी ओळख देऊ नकोस, काहीतरी सांगून वेळ मारून ने. तो ऐकतच नव्हता. शपथ घातली तेव्हा कबूल झाला."

"आणि पगार? सुट्टी?"

"आईला कुठे पगार नि सुट्टी असते, बाई? तुम्हीही आई व्हाल तेव्हा बघा!"

त्रिफोनास झाडूसकट सरळ उभा राहिला. "नाही," तो म्हणाला. "तसं नाहीये. खरं म्हणजे मीच..."

थेआनोबाईंनी खुर्चीत बसल्या बसल्या त्याच्या पायावर आपला पाय दिला आणि चांगला दाबला. त्रिफोनासचं वाक्य कळवळण्यात संपलं.

"बघा, कसं भरून आलंय त्याला," थेआनोबाई म्हणाल्या. "कोलोकोती घ्या. उपासाच्या आहेत."

म्हाताऱ्यानं खरोखर डोळे पुसले. मिर्तोसुद्धा विरघळली. तिनं थेआनोबाईंचा हात हातात घेतला आणि म्हणाली, "माफ करा हं, मी भलतंच समजले." मग त्रिफोनासकडे वळून, "तुमचीही माफी मागते." तिनं माफी मागितली आणि त्रिफोनासला, जमीन फाटेल तर बरं, असं झालं. जमीन पक्क्या काँक्रीटची होती, त्यानंच करून घेतलेली.

कढई घासून-पुसून, वाफेनं धुऊन पुन्हा फिरवून दाखवली. हाजीलुकासांनी तिथल्या तिथं तीन कढया सांगितल्या. जाताना म्हाताऱ्यानं त्याच्या पाठीवर थाप मारली. "नशीबवान आहेस, अशी आई मिळाली. एवढा मोठेपणा आणि इतका साधेपणा! कॉफीच्या दुकानात सगळ्यांना सांगतो बघ." आणि म्हातारा सांगणारच होता. आता बेटावरच्या ज्या डेअरीत त्रिफोनास यंत्र विकायला जाईल, तिथे आधी ही गोष्ट ऐकावी लागणार आणि मान डोलवावी लागणार. एवढी मोठी ऑर्डर हातात, आणि कोलोकोतीचा एक घास त्याला गिळवेना.

संध्याकाळी तो आईला गावी सोडायला निघाला.

"आई, मला माफ कर. मला... मला तुझी लाज वाटली."

"कळलं मला," थेआनोबाई खिडकीबाहेर बघत म्हणाल्या. डब्याचं झाकण त्यांनी उगाच उघडून मिटलं. मग त्या सावरल्या. "वाटली तर वाटली. पण सफाईवाली? स्वयंपाकीण तरी म्हणायचं होतंस! मला धड झाडता येत नाही हे अख्ख्या गावाला माहितेय."

त्रिफोनासला हसू आलं आणि हसता हसता रडूच फुटलं. गाडी बाजूला घ्यावी लागली.

"पुरे आता," आई म्हणाली. "अंधार पडायच्या आत चर्चवरून घे. पाद्रीबाबा आज कबुलीला बसलेत."

"कबुली? तुला कसली कबुली द्यायचीय?"

"कसली म्हणजे? इतकं खोटं बोलले ना आज! वर शपथ घातली म्हणाले, तेही खोटंच. ईस्टर आलाय तोंडावर. असलं पाप घेऊन कसं उभं राहायचं देवापुढे?"

त्रिफोनासनं चर्चपुढे गाडी लावली. थेआनोबाई रुमाल नीट करत आत गेल्या आणि दाराशी चारपाच बायकांच्या मागे, स्वतःच्या पापाच्या काळजीत, खाली मान घालून उभ्या राहिल्या.

तो गाडीतच बसून राहिला. मग उतरला. चर्चच्या पायऱ्यांवर घोटाळला.

"तुम्हीही रांगेत आहात का?" मागून आलेल्या एका बाईनं विचारलं.

"हो," त्रिफोनास म्हणाला, आणि आईच्या मागे जाऊन उभा राहिला.