दहावा कप

सॅमसनकाकांना कधी "किती वाजले?" असं विचारू नका. ते आधी मागे वळून बघतात, मग लिफ्टचं दार नीट लागलंय ना ते बघतात आणि हळूच विचारतात, "कोण विचारतंय?"

"मी विचारतेय, काका. मंगल. समोरच्या दारातली."

"ते दिसतंय. कुणाच्या वतीने?"

तोपर्यंत माझं दूध उतू गेलेलं असतं.

सॅमसनकाका पेणकर हे आमचे खांदा कॉलनीतले शेजारी. बेने इस्रायली, म्हणजे कोकणातला ज्यू माणूस, वय पंच्याहत्तर, दात स्वतःचे आणि मतंही स्वतःची. आयुष्यभर एका कारखान्यात भोंगा वाजवायची नोकरी केली. "मी बटण दाबल्याशिवाय आठ वाजायची हिंमत नव्हती," असं सांगतात, आणि सांगताना जराही हसत नाहीत. पुढे कारखाना बंद पडला, भोंगा गेला. मग काळाकडे बघणार कोण? म्हणून तीन वर्षांपूर्वी, त्यांची बायको, आमच्या साराकाकू, जाऊन वर्ष झालं त्या सुमारास, काकांनी 'काळ राखण मंडळ' काढलं. संघटना अत्यंत गुप्त आहे. सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर तसं त्यांनी स्वतःच कळवलं होतं.

मंडळाचं म्हणणं असं, की काळ नळाच्या पाण्यासारखा वाहतो आणि मध्येच कुठेतरी तुंबतो. कुठे तुंबतो त्याची काकांकडे वही आहे. मागच्या प्लॉटवर 'पुढच्या दिवाळीला पझेशन' असा बोर्ड आहे, तिथे तो सात वर्षं तुंबलाय. आमच्या विंगच्या लिफ्टमध्येही तुंबतो. मंडळातला कुणी चुकून "टाईमपास" म्हणाला, तर त्याला उभं राहून काळाची माफी मागावी लागते. आमचे हे त्या मंडळात 'विलंब अधिकारी' आहेत. घरात तेवीस वर्षं तेच काम करतायत, बिल्ला फक्त आता मिळाला.

"सदस्य दहा, आणि पुरुषच," काकांनी पहिल्या दिवशीच सांगून टाकलं.

"का हो? बायकांनी काळाचं काय घोडं मारलंय?"

"नियम जुना आहे. मी केलेला नाही."

"मग चहा कोण करणार?"

"तू."

असा संताप झाला माझा! पण केला चहा. दर रविवारी पाच वाजता करते. साराकाकूंचे सोनेरी कडेचे दहा कप काका स्वतः टेबलावर मांडतात. माणसं मोजायची नाहीत, दृष्ट लागते म्हणे; मोजायचे ते कप. माणूस आला की त्याच्यापुढे एक कप सरकवायचा. दहावा कप सरकला की सभा सुरू. नऊच झाले तर सभा रद्द आणि किटली मी परत न्यायची. शनिवारचं मात्र नावही काढायचं नाही. "शनिवारी काळाला सुट्टी!"

वर्षातून एकदा महासभा असते. तिच्या शेवटी सगळ्यांनी डोळे मिटून पाच मिनिटं गप्प बसायचं, 'काळाला वाट द्यायला'. तिची तारीख दर वर्षी सरकते. का, ते अर्थातच गुप्त. यंदा ती गुरुवारी आली. सकाळपासून काका तीनदा माझ्या दारात.

"मंगल, आज दहा व्हायलाच हवेत. दिवस मावळायच्या आत. नाही तर वर्ष फुकट गेलं."

"अहो, रात्री बारापर्यंत आहे की गुरुवार!"

"तो तुमचा. आमची तारीख मावळतीला बदलते."

'आमची' म्हणजे मंडळाची, असं समजून मी सोडून दिलं.

संध्याकाळी काका धरून नऊ जण जमले. आमचे हेसुद्धा वेळेवर आले, यावरून काय ते ओळखा. राहिले जनार्दन म्हात्रे. हे मूळचे जासईचे, आता आमच्या वरच्या मजल्यावर राहतात आणि मंडळाचे 'प्रवाह निरीक्षक' आहेत. गावी गेले होते, ते येताना नेमके कंटेनरच्या रांगेत अडकले. काकांनी फोन स्पीकरवर टाकला.

"काका, म्होरं कंटेनर, मागं कंटेनर! गारी जरा पन हालत नाय!"

"म्हात्रे, तुम्ही प्रवाह निरीक्षक आहात!"

"निरीक्षनच चाललंय ना! प्रवाहच नाय, तं आमी काय करू?"

सगळे खो खो हसले. मीही हसले. काका खिडकीकडे बघत होते. ऊन समोरच्या बिल्डिंगच्या टाकीपर्यंत चढलं होतं.

"वॉचमनला बसवू या का?" ह्यांनी विचारलं.

"नको. तो नवा आहे. त्याने तिला पाहिलेलं नाही."

"कुणाला?"

काका आत गेले आणि साराकाकूंचा फोटो घेऊन आले. तो त्यांनी टेबलावर कपांच्या मधोमध ठेवला.

"आज ती गेली ती तारीख. आमच्या पंचांगाने. आमच्यात दहा पुरुष असल्याशिवाय गेलेल्या माणसासाठीची प्रार्थना म्हणता येत नाही. पूर्वी दहा सहज जमायचे. आता सगळे इस्रायलला गेले, आमचा पोरगाही तिकडेच. पहिल्या वर्षी आम्ही सातच जमलो."

"मग नुसतं 'या' म्हणायचं ना, काका! आम्ही आलो नसतो?"

"एकदा आला असतात. मग कामं निघतात. गुप्त म्हटलं, की माणूस न चुकता येतो." त्यांनी फोटोची काच बाहीने पुसली. "तुम्ही आमच्यातले नाही, तुम्हाला धरून ते दहा होत नाहीत, हे कळतं मला. प्रार्थना मी म्हणतच नाही. नुसता बसतो. पण तिच्या नावाने घरात दहा माणसं बसली, एवढं तरी तिला दिसावं."

उगाच रडू दिसायला नको म्हणून मी किटली उचलली आणि दाराकडे निघाले.

"मंगल."

मी वळले. काकांनी दहावा कप माझ्या बाजूला सरकवला होता.

"काका, अहो, नियम..."

"आहे. पण शेवटचे तीन महिने तिला पेज भरवायला म्हात्रे नव्हते आले. बस."

मी बसले. सगळ्यांनी डोळे मिटले. मी मात्र रडले, चांगली हुंदके देऊन रडले, आणि मला कुणी गप्प केलं नाही.

बऱ्याच वेळाने आमच्या ह्यांनी सवयीने विचारलं, "किती वाजले हो?"

काकांनी मागे वळून बघितलं नाही. दाराकडेही बघितलं नाही.

"सहा चाळीस," ते म्हणाले. "चहा घ्या."