फिल्ममध्ये आप्पांचा आवाज

बुद्धभूषणची ॲनिमेशन फिल्म म्हणजे साधंसुधं प्रकरण नव्हतं. तिच्यात माणूस नाही, गोष्ट नाही, बोलणं तर नाहीच. नुसत्या रेघा आणि ठिपके. ही फिल्म कानांनी बघायची, असं तो छाती फुगवून सांगायचा. पाऊस हवा? तेलात पापड सोडा. वीज हवी? पत्रा हलवा. त्याच्या आईनं, लताबाईंनी, महिनाभर स्वयंपाक कमी आणि आवाजच जास्त केले.

घोडं अडलं ते डोंगरापाशी. एक रेघ फुगून डोंगर होते आणि श्वास घ्यायला लागते. आता डोंगराचा श्वास आणायचा कुठून? तेवढ्यात बाहेरच्या खोलीतून तो आलाच. वडील, कारभारी आप्पा, दुपारचे आडवे झाले होते. पठ्ठ्यानं घोरणं रेकॉर्ड केलं, जरा संथ केलं, आणि डोंगर अस्सा जिवंत झाला की बघत राहावं!

संध्याकाळी त्यानं एवढंच सांगितलं, "आप्पा, फिल्ममध्ये तुमचा आवाज घेतलाय."

इथंच त्यानं माती खाल्ली. आप्पा कॉलनीत दरवर्षी जयंतीला भाषण करणारे. लाइट गेली तरी शेवटच्या रांगेला ऐकू जायचं. आवाज म्हटल्यावर त्यांना दुसरं काय वाटणार? पोरगा रेघोट्या ओढतो म्हणून इतकी वर्षं धुसफुसणारा हा माणूस फिल्मस्पर्धेच्या दिवशी इस्त्रीचा सदरा घालून, निम्मी कॉलनी रिक्षांत कोंबून पंचवटीहून हॉलवर हजर. फिल्ममध्ये आपलं भाषण आहे, हे रिक्षावाल्यालासुद्धा सांगून झालेलं.

अंधार झाला. पापडाचा पाऊस पडला. मग डोंगर फुगला आणि घोरला. आप्पांच्या भिंतीला भिंत लावून राहणाऱ्या साळूबाईंनी तो आवाज लगेच ओळखला.

"अगं बाई, हे तर कारभारीभाऊ झोपलेत."

हॉल जो हसत सुटला तो थांबेचना. शेवटी पडद्यावर मोठ्या अक्षरांत नाव आलं, 'आवाज : कारभारी आप्पा'. तोवर आप्पांची खुर्ची रिकामी झाली होती.

फिल्मला बक्षीस मिळालं, पण ते घरी कुठल्या तोंडानं न्यायचं? बुद्धभूषणला मेल्याहून मेल्यासारखं झालं. दुसऱ्या दिवशी दुपारी तो माइक घेऊन आप्पांच्या कॉटपाशी गेला.

"चुकलो, आप्पा. आज तुमचं भाषण घेतो. पूर्ण."

आप्पांनी माइककडे बघितलं.

"आवाज पाहिजे ना? थांब, झोपतो," ते म्हणाले, आणि भिंतीकडे तोंड करून आडवे झाले.

पोरगा माइक धरून बसून राहिला. घोरणं काही ऐकू येईना. आप्पा जागेच होते.