निवृत्तीअण्णांच्या तोंडचं वाक्य

उंद्रीच्या स्मशानात निवृत्तीअण्णांची चिता पेटली, पण श्रद्धांजलीला बोलायला कोणी उठेना. अण्णांबद्दल चांगलं बोलायचं, तेही भर स्मशानात, म्हणजे कठीण काम. या माणसाने आपल्या विहिरीचं पाणीसुद्धा कधी कोणाला पिऊ दिलं नव्हतं.

शेवटी सगळ्यांनी इंद्रभानकडे पाहिलं. इंद्रभान सिनेमे लिहायचा. मोठ्या पोस्टरवाले नव्हेत. चार मित्र मिळून काढतात आणि महोत्सवात दाखवतात, तसले. तिथे लेखकालाच बैल धरावे लागत, चहा करावा लागे आणि प्रेत मिळालं नाही तर तिरडीवरही निजावं लागे. इतकं करून त्याचं एकही वाक्य धडपणे पडद्यावर पोचलं नव्हतं. दिग्दर्शक कापून टाकत.

स्मशानात कापणारं कोणी नव्हतं.

"मांगच्या महिन्यात अण्णा मले बांधावर भेटले," इंद्रभान हात जोडून म्हणाला. "म्हनाले, बाबू, रस्त्याकडचं वावर गावच्या पोरींले कबड्डीसाठी देऊन टाकतो. माह्या मातीत कोनीतरी हसलं पायजे."

माणसं रडली. सरपंच गोपालरावांनी तिथेच गावातर्फे आभार मानले. नुकताच बापाला अग्नी दिलेला अण्णांचा मुलगा कुलदीप मात्र चितेजवळ उभा राहून गार पडला. त्या शेतात तो टाइल्सचं दुकान टाकणार होता.

राख सावडली त्याच दिवशी पोरींनी वावरात फक्की टाकून मैदान आखलं. दहाव्याला पिंडाला कावळा शिवेना. ऊन चढलं, नातेवाईक चुळबुळू लागले.

"वावराची इच्छा राह्यली असंल अण्णाची," मागून कोणी म्हणालं. "बोलून टाक ना बे कुलदीप!"

कुलदीपने दात-ओठ खात हात जोडले. "देतो बाबा, वावर देतो."

उंद्रीत कोणालाही विचारा, कावळा तत्क्षणी उतरला.

परतताना कुलदीपने इंद्रभानची कॉलर धरली. "दादा, तेरवीले माइक घ्या अन गावाले सांगा, तुमी खोटं बोलले म्हनून. नाहीतर माह्यं दुकान गेलं!"

तेरवीच्या दिवशी, पंगत बसण्याआधी, इंद्रभानने माजघरात जाऊन अण्णांच्या बायकोचे, अन्नपूर्णाकाकूंचे पाय धरले.

"काकू, अण्णा मले भेटलेच नव्हते. मी रचलं ते."

"मले काय सांगतं? जल्मभर नांदले मी त्याच्यासंगं. ढेकूळ देल्लं नसतं त्यानं कोनाले."

"मंग सांगून टाकतो गावाले. वावर वाचंल तुमचं."

"वावर माह्या नावानं हाय, अन म्या देल्लं ते." काकूंनी पदराने डोळे पुसले. बाहेर बाया अण्णांचं नाव घेऊन हुंदके देत होत्या, त्याकडे त्यांनी घटकाभर कान दिला. "गप बस आता. मेल्यावर का होईना, सुधरला माहा मानूस. त्याले पुन्हा काऊन बिघडवतं?"