आग लावणारा पाहिजे

"कलेवाचून समाजाची स्मृती आंधळी असते!" सरपंच अप्पाराव ग्रामसभेत गरजले. मग माईकवर हात ठेवून त्यांनी ग्रामसेवकाला विचारलं, "ती जाळपोळ कोणत्या साली झाल्ती हो?"

भोकरदन तालुक्यातल्या या गावाचं नाव सांगत नाही. गाव मानी आहे. पूर्वी एका दुपारी गावच्या जमावानं बौद्धवाड्यातलं कचरूचं घर जाळलं होतं. सामाजिक सलोख्याच्या योजनेत त्यावर नाटक बसवायचं ठरलं. कचरू आणि त्याची बायको आता हयात नव्हते. मुलगी बेबीनंदा गावातच अंगणवाडी चालवत होती. ती एवढंच म्हणाली, "झालं तसं दाखवा."

अडचण पात्रनिवडीत आली. इथं नाटकातली भूमिका माणसाला जन्मभर चिकटते. एकदा चोर झालेल्या रखमाजीला किराणावाला अजून पिशवी बाहेर ठेवायला लावतो. त्यामुळे वाचवणाऱ्यांची रांग लागली. आग लावायला कुणी मिळेना.

"मी बादली घेऊन पळतो," सुग्रीव म्हणाला.

"तुझा बाप कुठं पळाल्ता ते ठाऊक हाय गावाला," रखमाजी म्हणाला.

"मंग तू लाव आग!"

"न्हाई रे बाबा. चोर झालो तेवढं बस झालं."

जालन्याहून आलेले दिग्दर्शक प्रितम सर अनुभवी होते. त्यांनी जमावच काढून टाकला. आग वाऱ्यानं लागली असं ठरलं. पण वाऱ्यालाही ठिणगी लागते. ती बेबीनंदाच्या आईच्या चुलीतून घेण्यात आली. शेवटच्या प्रवेशात गाव त्या माउलीला मोठ्या मनानं माफ करत होतं.

"माझी माय चूल विझवून कापूस वेचायला गेल्ती," बेबीनंदा म्हणाली. "तिच्या माथी आग मारू नका, सर."

"ताई, ही कला आहे. कुणीतरी चुकलेलं लागतं."

घर मात्र अस्सल हवं होतं. भोंग्यावरून आवाहन झालं: गोठ्यावर कुणाचे जुने, जळके पत्रे असतील तर आणावेत. लोकसहभाग इतका उदंड कधीच नव्हता. अप्पारावांनी तर स्वतःचा गोठा उघडा केला.

प्रयोग रंगला. बादल्या धावल्या, माफी झाली, पाहुण्यांनी रुमाल काढले. सत्काराला बोलावलेली बेबीनंदा शालीकडे न जाता पत्र्यांकडे गेली. तिनं पदरानं काजळी पुसली. नव्या घराच्या हौसेनं कचरूनं निळ्या रंगात लिहिलेलं त्याचं नाव एकेका पत्र्यावर उमटत गेलं.

रसिक प्रेक्षक, म्हणजे तुमच्याआमच्यासारखेच, एकाएकी मंडपाचे खांब न्याहाळू लागले.

"सरपंचसाहेब," ती माईकवर म्हणाली, "नाटक बराबर झालं. आता हे पत्रे तेवढे माझ्या अंगणात आणून टाका. वाचवणारे लई हैत. एकेक उचलला तरी होईल."